सिंहावर संशोधन करायचंय? आधी मिशांचे ठिपके वाचायला शिका

गीर असो वा टांझानियातलं सेरेंगेटी, नव्याने येणाऱ्यांच्या डोक्यात रेडिओ कॉलर (प्राण्याचा ठावठिकाणा कळवणारा गळपट्टा) आणि शिकार असते. सुरुवातीचं खरं काम मात्र एकच: समोरचा सिंह नेमका कोणता, हे ओळखणं.

सिंहाच्या वरच्या ओठावर मिशांच्या ओळी असतात, प्रत्येक मिशीच्या मुळाशी काळा ठिपका. सगळ्यात वरची पूर्ण ओळ धरा. तिच्याही वर जे थोडे सुटे ठिपके दिसतात, ते खालच्या कितव्या ठिपक्याच्या डोक्यावर येतात ते लिहा. ही मांडणी जन्मभर बदलत नाही. डावी-उजवी सारखी नसते, म्हणून फोटो दोन्ही बाजूंचे हवेत: डोळ्यांच्या पातळीवरून, तोंड मिटलेलं, कोवळ्या उन्हात. सिंह गुरगुरला की कातडी आक्रसते आणि ओळी सरकतात. नुकत्याच जेवलेल्या सिंहाच्या तोंडावरचे रक्ताचे थेंब आणि माश्या फोटोत थेट ठिपक्यांसारख्या दिसतात, तेव्हा त्या फोटोवर ओळख पक्की करू नका. फाटके कान, व्रण जोडीला लिहा, पण तारखेसकट. त्यांत भर पडत जाते.

कॉलर शक्यतो प्रौढ मादीला लावतात. माद्या सहसा जन्मलेल्या कळपातच राहतात, म्हणजे एकीवरून सगळा कळप सापडतो. वाढत्या नराची मान जाड होते आणि पट्टा रुततो. भूल देणं पशुवैद्यकाचं काम, तुमचं नाही.

माहितीपटाचं युनिट आलं की हीच नोंदवही उपयोगी पडते. संकलनात दोन वेगळ्या माद्या एकच म्हणून जोडल्या जातात, ते पकडायचं तुम्हीच. पटकथाही बहुधा आफ्रिकेवर बेतलेली असते. गीरमध्ये नर आणि माद्या बराच काळ वेगळे राहतात, मीलनाला किंवा मोठ्या शिकारीवर एकत्र येतात. ‘राजा आणि त्याचं कुटुंब’ तिथे बसत नाही. मादी पिल्लांना सुमारे सहा आठवडे लपवून ठेवते. त्या जागेजवळ गाडी नेऊ देऊ नका. त्रास झाला तर ती एकेक पिल्लू तोंडात धरून हलवते, आणि त्यात पिल्लांना धोका असतो. रात्री हरणांवर झोत टाकला तर ती दिपतात, शिकार सोपी होते. असलं दृश्य कितीही सुंदर आलं तरी ते खोटंच.

भारतात अभयारण्यात संशोधनाला आणि चित्रीकरणाला वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ नुसार मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी लागते. अर्ज लवकर टाका.

१९९४ मध्ये सेरेंगेटीतले सुमारे एक तृतीयांश सिंह कॅनाइन डिस्टेम्पर या कुत्र्यांमध्ये आढळणाऱ्या विषाणूजन्य रोगाने गेले. हा हिशेब लागला तो ओळखीच्या सिंहांच्या जुन्या नोंदींमुळे. २०१८ मध्ये हाच रोग गीरमध्ये दिसला. गीर आणि आसपासच्या सौराष्ट्रात २०२५ च्या गणनेत ८९१ सिंह आढळले, त्यातले बरेच अभयारण्याबाहेर, शेतांत आणि उघड्या विहिरींच्या आसपास. म्हणून मालधारींशी, म्हणजे तिथल्या पशुपालकांशी, बोलण्यापुरती गुजराती शिकाच.

शिक्षणासाठी डेहराडूनची भारतीय वन्यजीव संस्था आणि बंगळुरूचं राष्ट्रीय जैवविज्ञान केंद्र इथले एमएस्सी अभ्यासक्रम बघा. प्रवेश दरवर्षी निघतीलच असं नाही. तोवर ‘आर’ (आकडेवारीसाठी) आणि ‘क्यूजीआयएस’ (नकाशांसाठी) ही सॉफ्टवेअर हाताखालून घाला.