तलावाकाठच्या गावाची माहिती लिहायची तर: आधी हद्द, मग आकडे

नागपूर जिल्ह्यातल्या एखाद्या तलावाकाठच्या गावाची माहिती लिहायला घेतली की पहिली चूक पहिल्याच ओळीत होते. ‘गावाची लोकसंख्या इतकी, क्षेत्रफळ इतकं, पूर्वेला तलाव.’ तिन्ही गोष्टी खऱ्या असतात, पण तीन वेगवेगळ्या गावांच्या. लोकसंख्या जनगणनेतल्या मौजाची, क्षेत्रफळ गट ग्रामपंचायतीचं आणि तलावाचं अर्धं पाणी शेजारच्या रिठी, म्हणजे वस्ती नसलेल्या, मौजात. ग्रामपंचायतीची पुस्तिका असो, शाळेचा प्रकल्प असो की गावाचं संकेतस्थळ, हद्द ठरवल्याशिवाय एकही आकडा लिहू नका.

हद्द कशी ठरवायची

मौजा, म्हणजे महसुली गाव, हे एकक धरा. जनगणनेचे आकडे, सातबारा, गावनकाशा हे सगळं मौजानुसारच मिळतं. ग्रामपंचायत एका मौजाची असेल किंवा चार मौजांची गट ग्रामपंचायत असेल. नगरपंचायत किंवा नगरपरिषद झाली असेल तर तिची हद्द आणखी वेगळी. तिसरा प्रकार जनगणना शहराचा: कारभार ग्रामपंचायतीचाच, पण किमान ५,००० लोकसंख्या, चौरस किलोमीटरला किमान ४०० ची घनता आणि पुरुष मुख्य कामगारांपैकी किमान ७५ टक्के शेतीबाहेर, या तीन कसोट्यांवर जनगणना त्याला शहर म्हणते. अशा गावाची नोंद गावांच्या यादीत सापडत नाही, शहरांच्या यादीत शोधावी लागते.

तलाठ्याकडून चार गोष्टी लिहून घ्या: मौजाचं पूर्ण नाव (खुर्द, बुद्रुक किंवा रिठीसह), पटवारी हलका क्रमांक, तहसील आणि तलावाचे गट क्रमांक. त्याच नावाचं दुसरं गाव जिल्ह्यात असतंच असं समजून चाला. मग जनगणनेतला गाव-कोड जुळवा. २०११ मध्ये महाराष्ट्राचा कोड २७ आणि नागपूर जिल्ह्याचा ५०५ होता. गावाचा कोड सहा अंकी असतो. नावावरून शोधण्यापेक्षा कोडवरून शोधलेलं बरं, कारण एकाच गावाचं इंग्रजी स्पेलिंग प्रत्येक तक्त्यात बदलतं.

तलाव दोन मौजांत पसरलेला असेल तर तसं सरळ लिहा. रिठी मौजा जनगणनेत शून्य लोकसंख्येने येतो, पण त्याचं क्षेत्र शून्य नसतं. ते क्षेत्र गावात मिळवलं की घनता आपोआप खाली येते.

भूगोल

अक्षांश-रेखांश कशाचे, ते ठरवा: ग्रामपंचायत कार्यालयाचे की तलावाच्या मध्याचे. अंश-मिनिटं आणि दशांश यांची सरमिसळ सर्रास होते. रामटेक साधारण २१°२४′ उत्तरेला आहे, म्हणजे दशांशात २१.४०. ते २१.२४ लिहिलं की गाव सुमारे १८ किलोमीटर दक्षिणेला सरकतं. समुद्रसपाटीपासूनची उंची फोनवरून घेऊ नका. काही ॲप उपग्रहाच्या गणिती पृष्ठापासूनची उंची दाखवतात आणि आपल्या भागात तो आकडा खऱ्या उंचीपेक्षा पन्नासहून अधिक मीटरने कमी येऊ शकतो. भारतीय सर्वेक्षण विभागाच्या १:५०,००० नकाशावरची समोच्च रेषा (सारख्या उंचीच्या जागा जोडणारी रेषा) वाचा. रामटेकचा जुना नकाशा ५५ ओ/७, नागपूर शहराचा ५५ ओ/४.

खडक आणि माती दोन वाक्यांत आटपतील, पण ती वगळू नका. तलाव तिथे का आहे याचं उत्तर त्यातच असतं. जिल्ह्याच्या पश्चिमेला, काटोल-कळमेश्वरकडे, काळा बेसाल्ट आणि त्यावरची काळी जमीन. म्हणून कापूस आणि संत्री. पूर्वेला रामटेक-कुही-भिवापूरकडे जुने स्फटिकी खडक आणि लाटांसारखी चढ-उताराची जमीन. दोन उंचवट्यांमधल्या सखल जागी मातीची पार, म्हणजे बांध, घातली की तलाव तयार होतो, आणि खाली धानाच्या बांध्या. त्यामुळे मालगुजारी तलाव (पूर्वी मालगुजारांच्या, म्हणजे गावाचा सारा गोळा करणाऱ्या जमीनदारांच्या ताब्यातले) आणि बोड्या, म्हणजे लहान तळी, पूर्वेकडे जास्त आहेत. अचूक माहिती हवी तर सोय नागपुरातच आहे: मातीसाठी अमरावती रोडवरची राष्ट्रीय मृद सर्वेक्षण संस्था, उपग्रह नकाशांसाठी महाराष्ट्र सुदूर संवेदन उपयोजन केंद्र.

आता तलाव. इथे घाई करू नका. ‘तलावाचं क्षेत्र’ या नावाखाली तीन निरनिराळे आकडे फिरत असतात. बुडित क्षेत्र म्हणजे पूर्ण भरल्यावर पाण्याखाली जाणारी जमीन. लाभक्षेत्र म्हणजे पाटाच्या पाण्यावर भिजणारी शेती. पाणलोट क्षेत्र म्हणजे ज्या जमिनीवरचा पाऊस तलावात उतरतो ती, आणि ती बुडित क्षेत्राच्या कितीतरी पट असते. सिंचन विभागाच्या तक्त्यात ‘क्षेत्र ८० हेक्टर’ दिसलं तर स्तंभाचं शीर्षक वाचा. बहुतेक वेळा ते लाभक्षेत्र निघतं आणि गावकरी तेवढा मोठा तलाव शोधत बसतात. लाभक्षेत्र १०० हेक्टरपर्यंत असेल तर कागद जिल्हा परिषदेच्या लघुसिंचन विभागात मिळतील, त्याहून मोठा प्रकल्प राज्याच्या मृद व जलसंधारण किंवा जलसंपदा विभागाकडे असतो.

पाण्याचा विस्तार उपग्रह चित्रावरून मोजायचा असेल तर ऑक्टोबरचं चित्र घ्या आणि महिना-वर्ष लिहा. मे महिन्याच्या चित्रात तलाव निम्मासुद्धा नसतो, आणि उघड्या पडलेल्या गाळात पेरणी केलेली असेल तर काठ ओळखूच येत नाही. हिरवा पट्टा दिसला म्हणून तो काठ समजू नका. बेशरमाची झुडपं आणि जलपर्णी पाण्यातही पसरतात.

साठ्याची एककं जुळवून घ्या. १ दलघमी म्हणजे दहा लाख घनमीटर, म्हणजेच १०० कोटी लिटर. जुन्या कागदांत दशलक्ष घनफूट असतात, त्याला ०.०२८३ ने गुणलं की दलघमी मिळतात. एकूण साठा आणि उपयुक्त साठा यांत मृत साठ्याचा, म्हणजे तळाशी राहणाऱ्या, पाटाने न निघणाऱ्या पाण्याचा फरक असतो, म्हणून कोणता लिहिला ते सांगा. शिवाय हा आकडा बांधकामाच्या किंवा शेवटच्या मोजणीच्या वेळचा असतो. नंतर गाळ किती साचला ते त्यात नाही.

प्रत्यक्ष जाऊन पारीची लांबी टेपने मोजा आणि तुडुम (शेताला पाणी सोडायची जागा) व सांडवा (जादा पाणी बाहेर जायची वाट) कुठे आहेत ते खुणेसह नोंदवा. सांडव्याचं पाणी कोणत्या नाल्यात आणि पुढे कोणत्या नदीत जातं ते शेवटपर्यंत लिहा. जिल्ह्याच्या पूर्व भागातलं पाणी अखेर वैनगंगेत जातं, पण मधली नावं गावानुसार बदलतात. खोली मोजायला पाण्यात उतरू नका. ढिवर समाजाच्या मत्स्य सहकारी संस्थेतल्या जाणत्याला विचारा, तो नावेतून दोरीला वजन बांधून मोजून देईल. शिंगाड्याचा हंगाम असेल तर वेलांमधून नाव नेऊ देणार नाहीत, आणि त्यांचं बरोबरच आहे.

इतिहास

इथे ‘गोंडकालीन’ आणि ‘भोसलेकालीन’ हे शब्द मिठासारखे सगळीकडे भुरभुरलेले असतात. बख्त बुलंद शाहने नागपूर वसवलं १७०२ मध्ये, भोसल्यांची सत्ता आली त्याच शतकाच्या मध्याकडे आणि इंग्रजांनी राज्य खालसा केलं १८५४ मध्ये. तुमचं देऊळ किंवा तलाव यांपैकी कोणत्या काळात बसतो याला शिलालेख, सनद किंवा बंदोबस्ताचा, म्हणजे जमीन मोजून सारा ठरवल्याचा, कागद असेल तरच काळाचं नाव द्या. नाहीतर ‘गावात असं सांगतात’ हेच शब्द लिहा. आख्यायिका लिहायलाच हवी, फक्त वेगळ्या परिच्छेदात.

मालगुजारांबद्दल एक खबरदारी. मध्य प्रांत १८६१ मध्ये झाला आणि मालगुजारांना जमिनीचे मालकी हक्क मिळाले ते १८६० च्या दशकातल्या बंदोबस्तात. तेव्हा ‘१६५० मध्ये मालगुजाराने तलाव बांधला’ हे वाक्य तपासल्याशिवाय ठेवू नका. पूर्व विदर्भातले अनेक जुने तलाव त्याआधीचे आहेत आणि त्यांच्या बांधणीत कोहळी समाजाचा मोठा वाटा आहे. मालगुजाराकडे ते नंतर आले. १९५० च्या कायद्याने मालगुजारी गेली, १९५१ पासून तलाव सरकारजमा झाले आणि ‘माजी मालगुजारी’ म्हणजे ‘मामा तलाव’ हे नाव पडलं. हा बदल कागदावर पाहायचा तर १९५४-५५ चा अधिकार अभिलेख आणि निस्तार पत्रक मागा. पाणी, मासे, गुरांची वाट यांवर कोणाचा हक्क ते निस्तार पत्रकात लिहिलेलं असतं. तलावाकाठच्या गावाचा सगळ्यात बोलका कागद हाच, आणि सगळ्यात कमी लोक तो उघडतात.

१९०८ च्या जिल्हा गॅझेटिअरमध्ये गाव सापडलं तर दोन गोष्टी तपासा. तहसील जुनी असते: आज जिल्ह्यात १४ तालुके आहेत, तेव्हा मोजकेच होते आणि पारशिवनी रामटेकमध्येच होती. दुसरं, स्पेलिंग: उमरेड तिथे ‘उमरेर’ म्हणून भेटतं. मोठ्या इतिहासाशी नातं जोडताना अंतर सांभाळा. रामटेकजवळचं नगरधन म्हणजे वाकाटक या प्राचीन राजघराण्याचं नंदिवर्धन. वाकाटक राणी प्रभावतीगुप्ताचा एक ताम्रपट तिथून दिलेला आहे. पण म्हणून दहा कोसांवरचं प्रत्येक गाव वाकाटककालीन ठरत नाही. शंका असेल तर विदर्भ संशोधन मंडळ किंवा पुराभिलेख विभागाचं नागपूर कार्यालय गाठा.

लोकसंख्या

जिल्हा जनगणना पुस्तिकेचे दोन भाग असतात: ‘अ’ मध्ये गावातल्या सोयी आणि जमीनवापर, ‘ब’ मध्ये लोकसंख्या. २०११ चे दोन्ही जनगणनेच्या संकेतस्थळावर फुकट मिळतात. ‘२०२५ ची अंदाजे लोकसंख्या’ देणारी संकेतस्थळं जिल्ह्याचा वाढीचा दर गावाला लावतात. ती उतरवू नका. मतदार यादीत फक्त अठराच्या वरचे असतात. अंगणवाडीचं सर्वेक्षण ताजं असतं, पण अंगणवाडीची हद्द आणि मौजाची हद्द एक असेलच असं नाही.

साक्षरतेत हमखास चूक होते. समजा एकूण ६,२०० लोक, त्यांत ० ते ६ वयाची ७०० मुलं आणि साक्षर ४,६२०. मुलं वजा करून ५,५०० ने भागा: ८४ टक्के. सरळ ६,२०० ने भागलं तर ७४.५ येतात आणि गाव विनाकारण मागास दिसतं. लिंग गुणोत्तर म्हणजे दर हजार पुरुषांमागे स्त्रिया, उलटं नाही.

कामगारांच्या तक्त्यात मासेमार शोधू नका. शेतकरी, शेतमजूर, घरगुती उद्योग आणि इतर, एवढेच चार गट आहेत. मासेमारी ‘इतर’ मध्ये जाते. मासेमार कुटुंबांची संख्या मत्स्य संस्थेच्या सभासद यादीवरून घ्या आणि स्रोत तोच लिहा. मातृभाषा व धर्म यांचे २०११ चे आकडे तालुका आणि शहर पातळीवर आहेत, गावाचे नाहीत. अनुसूचित जाती-जमातींचे मिळतात, बाकी जातींचे नाहीत. म्हणून ‘गावात अमुक समाज ६० टक्के’ हे वाक्य कितीही खात्रीचं वाटलं तरी खोडा.

जुने आकडे एका ओळीत मांडले तर १९०१ आणि १९२१ ला घसरण दिसू शकते. पहिलीमागे १८९६-९७ आणि १८९९-१९०० चे दुष्काळ, दुसरीमागे १९१८ ची इन्फ्लुएन्झाची साथ. अलीकडे मात्र अचानक वाढ किंवा घट दिसली तर आधी हद्द बदलली का ते पाहा, मग कारणं शोधा.

पुढच्या जनगणनेची संदर्भ तारीख १ मार्च २०२७ आहे आणि त्यासाठी ३१ डिसेंबर २०२५ च्या हद्दी धरल्या आहेत. २०११ साठी ३१ डिसेंबर २००९ च्या होत्या. दरम्यान तुमचं गाव नगरपंचायतीत गेलं असेल किंवा शेजारचा मौजा त्यात आला असेल, तर नवा आकडा आल्यावर जुन्याच्या शेजारी तसाच ठेवू नका. २०११ च्या दोन्ही मौजांची बेरीज करून ती शेजारी ठेवा, आणि ती बेरीज आहे हे तक्त्याखाली लिहा.