डिफेंडर बघायचा कसा? अ‍ॅशली विल्यम्सपासून सुरुवात करा

फुटबॉलमध्ये स्ट्रायकर, म्हणजे गोल करणारा, समजायला काही लागत नाही, गोल दिसतो, आपण ओरडतो, झालं. डिफेंडरचं, म्हणजे गोल अडवणाऱ्याचं, तसं नाही, त्याने काम चोख केलं की स्क्रीनवर काहीच घडत नाही आणि चुकला की तीच चूक दहा वेळा रिप्लेमध्ये दाखवतात. मलासुद्धा बरीच वर्षं सेंटर बॅक, डिफेन्सच्या मधोमध खेळणारा, म्हणजे धिप्पाड माणूस जो बॉल लांब फेकून देतो एवढंच वाटायचं. ती समजूत मोडली वेल्सच्या अ‍ॅशली विल्यम्सने. देशासाठी ८६ मॅच, युरो २०१६ या युरोपातल्या देशांच्या स्पर्धेत कॅप्टन, आणि तरी फुटबॉल बघणाऱ्या कितीतरी लोकांना त्याचं नाव आठवत नाही याचं मला खरंच वाईट वाटतं. म्हणून डिफेंडरची मॅच कशी बघायची आणि त्याचं करिअर कसं वाचायचं हे त्याच्यावरूनच सांगतो.

पहिली गोष्ट, हायलाइट्सपासून सुरुवात करू नका. डिफेंडरच्या हायलाइट्समध्ये फक्त स्लायडिंग टॅकल, म्हणजे घसरत जाऊन बॉल काढून घेणं, असतात, आणि स्लायडिंग टॅकल बऱ्याचदा तेव्हाच मारावी लागते जेव्हा आधी उभं राहायची जागा चुकलेली असते. त्यापेक्षा करिअर तळातून वर वाचत या. विल्यम्स १९८४ चा, जन्म इंग्लंडमध्ये वुल्व्हरहॅम्प्टनला, वेस्ट ब्रॉमच्या युथ टीममध्ये होता आणि १६ व्या वर्षी त्यांनी त्याला सोडून दिलं. मग हेडन्सफर्ड टाउन, म्हणजे मुख्य लीगच्याही खालचा क्लब, तिथल्या पैशात भागत नाही म्हणून जोडीला वेटरचं काम. २००३ च्या शेवटी स्टॉकपोर्ट काउंटीने घेतला आणि तिथे तो चार वर्षांहून जास्त खेळला. ही वर्षं लोक एका ओळीत संपवतात, पण डिफेंडर घडतो तो इथेच. खालच्या लीगमध्ये दर आठवड्याला एक नवा दांडगा स्ट्रायकर कोपर मारायला तयार असतो, पाठीशी रिप्ले नाही, मैदान चिखलाचं, आणि चुकलात तर तीन दिवसांनी परत मॅच.

२००७ च्या सुरुवातीला याच स्टॉकपोर्टने ओळीने नऊ लीग मॅच जिंकल्या आणि त्या नऊमध्ये एकही गोल खाल्ला नाही, लीगचा रेकॉर्ड झाला तो. गोलकीपर होता लोनवर, म्हणजे दुसऱ्या क्लबकडून काही काळापुरता आलेला २० वर्षांचा वेन हेनेसी, आणि समोर विल्यम्स. नऊ वर्षांनी युरोच्या क्वार्टर फायनलला वेल्सच्या गोलमध्ये हेनेसी आणि त्याच्या पुढे विल्यम्स, तीच जोडी! म्हणून डिफेंडरचं करिअर वाचताना त्याच्या शेजारी आणि मागे कोण होतं ते नक्की बघा.

जन्म इंग्लंडचा मग वेल्सकडून कसा, हे बरेच जण विचारतात. आईकडचे आजोबा वेल्सचे, नियमात बसतं, विषय संपला. मार्च २००८ मध्ये लक्झेंबर्गविरुद्ध वेल्सकडून पहिली मॅच आणि त्याच महिन्यात स्वॉन्झी सिटीने त्याला आधी लोनवर आणि नंतर कायमचं घेतलं.

आता प्रत्यक्ष मॅच. एक जुनी पूर्ण मॅच लावा आणि पहिली १५ मिनिटं बॉलकडे बघायचंच नाही असं ठरवा, फक्त आपला डिफेंडर. कॅमेरा बॉलच्या मागे जातो त्यामुळे तो मधूनमधून गायब होतो, चालेल, परत दिसला की आधी हे बघा की बॉल पलीकडच्या बाजूला असताना हा कुठे उभा आहे. चांगला सेंटर बॅक तेव्हासुद्धा सरकत असतो, दोन पावलं आत, एक पाऊल मागे, आणि सारखी मान वळवून स्ट्रायकर कुठे गेला ते बघतो. मग पाय बघा. समोरच्याकडे छाती करून सपाट उभा राहिला की मागे वळायला वेळ लागतो, म्हणून जाणकार डिफेंडर किंचित तिरका उभा राहतो, म्हणजे पुढेही जाता येतं आणि मागेही पळता येतं. आणि हात. विल्यम्सचा हात सारखा चालू असायचा, तू इकडे ये, लाइन वर घे, याला धर. मी एकदा आवाज बंद करून त्याची अख्खी मॅच बघितली आणि तेव्हा कळलं की हा माणूस ९० मिनिटं शेजारच्यांना जागेवर ठेवण्यात घालवतो.

हे नीट बघायचं असेल तर २०१३ ची लीग कप फायनल लावा. स्वॉन्झीने ब्रॅडफर्डला ५-० ने हरवलं आणि विल्यम्सच्या शेजारी सेंटर बॅक म्हणून की सुंग-युंग नावाचा खेळाडू होता, जो मुळात मिडफिल्डर. मिडफिल्डरला मागे उभं करून फायनल खेळता येते कारण शेजारचा माणूस त्याला सांभाळून घेतो. शिवाय स्वॉन्झीची खेळायची पद्धतच अशी की मार्टिनेझपासून रॉजर्सपर्यंत सगळ्या कोचनी बॉल मागूनच जमिनीवरून खेळायला लावला, त्यामुळे विल्यम्सचा पास पण बघा, २०११ मध्ये प्रीमियर लीगमध्ये जाणारा वेल्सचा पहिला क्लब असाच वर आला.

आता मुख्य मॅच, १ जुलै २०१६, लील, वेल्स विरुद्ध बेल्जियम. वेल्सची त्याआधीची मोठी स्पर्धा म्हणजे थेट १९५८ चा वर्ल्ड कप, यावरून त्या रात्रीचं वजन समजा. सहा दिवस आधी नॉर्दर्न आयर्लंडविरुद्ध विल्यम्स स्वतःच्याच टीमच्या जॉनी विल्यम्सवर आदळला होता आणि खांदा दुखावला होता, कोच कोलमन त्याला बाहेर काढायच्या तयारीत आणि हा जायला तयार नाही. तर १३ व्या मिनिटाला बेल्जियमच्या नाइंगोलानने लांबून असा शॉट मारला की कुणी काही करू शकलं नसतं, १-०. इथे मॅच थांबवू नका, पुढची १५ मिनिटं बघा, कारण गोल खाल्ल्यावर डिफेन्सची लाइन भेदरून मागे मागे सरकते का नाही, हीच खरी परीक्षा असते. वेल्स सरकलं नाही. ३१ व्या मिनिटाच्या आसपास वेल्सच्या रॅमसीचा कॉर्नर आला. रिप्ले बॉलवरून बघू नका, विल्यम्सवरून बघा, तो उशिरा धावत येतो आणि त्याच्याबरोबर कुणीच येत नाही, कारण त्या दिवशी बेल्जियमचा डिफेन्स बदललेला होता, व्हरमालेन सस्पेंड, व्हर्टोंगन जखमी. हेडर मारला आणि तडक बेंचकडे पळाला, सगळी टीम अंगावर. त्याच दुखऱ्या खांद्यावर! शेवटी ३-१. मी ती मॅच किती वेळा बघितली असेल मोजलंच नाही.

आकड्यांबद्दल एकच सांगतो. टॅकल किती केल्या हे मोजून डिफेंडर ठरवू नका, टीमने किती गोल खाल्ले ते बघा आणि तो नसताना काय होतं तेही बघा. त्या युरोच्या क्वालिफायिंगला वेल्सने १० मॅचमध्ये फक्त ४ गोल खाल्ले, आणि केले ११, म्हणजे वेल्सचा स्टार फॉरवर्ड गॅरेथ बेल याच्या गोलांइतकंच हे मागच्या लोकांचं काम होतं.

शेवटची वर्षं पण टाळू नका. ऑगस्ट २०१६ मध्ये तो एव्हर्टनला गेला तेव्हा ३२ चा होत होता, तिथे स्वॉन्झीसारखं जमलं नाही, मग स्टोकला लोनवर, मग ब्रिस्टल सिटी, आणि जानेवारी २०२१ मध्ये रिटायर. पाय हळू झाले की डोक्याने किती भरून काढता येतं हे या काळात दिसतं, आणि कुठे येत नाही तेही.

विल्यम्सवर हात बसला की वेल्सचाच डिफेंडर बेन डेव्हिस घ्या, त्याच युरोची पहिली मॅच, बोर्दो, स्लोव्हाकियाविरुद्ध. तिसऱ्या मिनिटाला हामशिक सगळ्यांना चकवून शॉट मारतो, बॉल गोलकीपरच्या पुढे निघून जातो आणि डेव्हिस घसरत येऊन तो गोललाइनजवळ अडवतो. तो घसरतो तिथे थांबू नका, पाच सेकंद मागे न्या आणि बाकीचे हामशिककडे बघत असताना डेव्हिस गोलकडे कधी पळायला लागतो तेवढं बघा.