गर्भातील मुखाची घडण क्रमवार कशी समजून घ्यावी

सर्वप्रथम आठवड्यांचा हिशेब स्पष्ट करून घ्यावा. भ्रूणविज्ञान फलनापासून दिवस मोजते, तर प्रसूतितज्ज्ञ शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसापासून. त्यामुळे दोन्ही गणनांत साधारण 2 आठवड्यांचे अंतर पडते. येथे फलनापासूनची गणना धरली आहे.

चौथ्या आठवड्यात भ्रूणाच्या डोक्याच्या खालच्या अंगाला एक उथळ खळगा दिसतो. हेच आदिमुख. त्याच्या तळाशी पातळ पडदा असतो, ज्यात भ्रूणाच्या तीन मूळ पेशीथरांपैकी बाहेरून बाह्यस्तर आणि आतून अंतःस्तर एकमेकांना चिकटलेले असतात व मध्ये तिसरा थर, मध्यस्तर, नसतो. साधारण 26व्या दिवशी हा पडदा फाटतो आणि आद्य पचनमार्ग गर्भजलाकडे खुला होतो.

आता कागदावर त्या खळग्याचे चित्र काढून भोवती पाच उंचवटे दाखवावेत: वर मध्यभागी कपाळ-नाकाचा एक, दोन्ही बाजूंना वरच्या जबड्याचे दोन आणि खाली खालच्या जबड्याचे दोन. तिन्ही प्रकारांना वेगवेगळे रंग द्यावेत. नुसत्या वाचनाने हा भाग डोक्यात बसत नाही, असे माझे ठाम मत आहे. खालचे दोन उंचवटे लवकर एकत्र येतात व खालचा ओठ आणि हनुवटी घडवतात. वरचा ओठ मात्र अधिक लक्षपूर्वक पाहावा. पाचव्या आठवड्यात कपाळ-नाकाच्या उंचवट्यावर प्रत्येक नाकपुडीच्या खाचेभोवती आतला व बाहेरचा असे दोन कडे उठतात. सहाव्या-सातव्या आठवड्यांत दोन्ही आतले कडे एकमेकांना आणि वरच्या जबड्याच्या उंचवट्यांना जुळतात. आरशात नाकाखालची जी उभी पन्हळ दिसते ती याच मधल्या भागातून आलेली असते, आणि पटाशीचे वरचे चार दात धरणारे हाडही त्यातूनच बनते.

टाळूसाठी वेगळी आकृती काढावी. सहाव्या आठवड्यात वरच्या जबड्याच्या उंचवट्यांमधून दोन फळ्या निघून जिभेच्या दोन्ही बाजूंनी उभ्या खाली वाढतात. जबडा वाढून जीभ खाली सरकली की त्या आडव्या होतात आणि बाराव्या आठवड्यापर्यंत पुढून मागे, पडजिभेपर्यंत, सांधल्या जातात. जिभेचे टोक टाळूवरून मागे फिरवल्यास मधोमध या सांध्याची बारीक रेघ जाणवते. मुलींमध्ये ही जुळणी साधारण एक आठवडा उशिरा होते, आणि केवळ टाळू दुभंगलेला असणे त्यांच्यात अधिक आढळण्याचे हे एक कारण मानले जाते.

शेवटी पटाशीच्या दातांमागे, मध्यरेषेवर एक ठिपका द्यावा; तेथे हाडात छिद्र असते. ठिपक्याच्या पुढची दुभंग (न जुळल्याने राहिलेली फट) म्हणजे आतला कडा आणि जबड्याचा उंचवटा यांची चुकलेली जुळणी, म्हणून ती बहुधा मध्यभागी नसून एका किंवा दोन्ही बाजूंना असते. ठिपक्याच्या मागची दुभंग म्हणजे फळ्यांची, आणि ती मधोमध असते.