बोलीतल्या गोष्टीवर स्वतंत्र चित्रपट करताना

आपल्या प्रदेशातील गोष्ट निवडल्यावर लगेच पटकथेला हात न घालता, ती सांगणाऱ्या माणसांचे बोलणे आधी ध्वनिमुद्रित करून पुन्हा पुन्हा ऐकावे; कारण बोलीचा हेल, मधले थांबे आणि अर्धवट सोडलेली वाक्ये कागदावर उतरत नाहीत, आणि माझ्या मते अशा चित्रपटाचा जीव तिथेच असतो. गोष्ट कोणाच्या आयुष्यातली असेल, तर त्यांची लेखी संमती घ्यावी.

पहिला प्रयत्न लघुपटाचा असावा. ऑस्करच्या नियमांनुसार श्रेयनामावलीसह ४० मिनिटांपर्यंतचा चित्रपट लघुपट ठरतो, पण नवख्याने त्याहून बराच आटोपशीर राहावे. प्रत्येक जागी संवाद संपल्यावर निदान अर्धा मिनिट सर्वांनी स्तब्ध राहून त्या जागेचा नुसता आवाज टिपावा. संकलनात तो लागतोच.

उपशीर्षके घाईत उरकू नयेत. ती सहसा दोनच ओळींत बसवावी लागतात, म्हणून म्हणीच्या शब्दशः अर्थापेक्षा पात्राला त्या क्षणी जे म्हणायचे आहे ते द्यावे. तयार चित्रपट यूट्यूबवर टाकण्याची घाईही टाळावी, कारण फ्रान्समधील कान (Cannes) चित्रपट महोत्सवाच्या स्पर्धेसाठी इंटरनेटवर आधीच झळकलेला चित्रपट चालत नाही.