सिलिकाला सीओटू समजू नका, अकरावी-बारावीवाल्यांनो या चुका टाळा

पेपर तपासताना सगळ्यात जास्त दिसणारी चूक म्हणजे सीओटू (कार्बन डायऑक्साइड) जसा काढतात तसंच सिलिकाचं, म्हणजे वाळूतल्या सिलिकॉन डायऑक्साइडचं (SiO₂), दोन डबल बाँडवालं सुटं मॉलिक्यूल काढायचं आणि मोकळं व्हायचं. अरे भो, तापीच्या वाळूत असं सुटं मॉलिक्यूल नसतंच! एका सिलिकॉनला चार ऑक्सिजन सिंगल बाँडने, आणि प्रत्येक ऑक्सिजन दोन सिलिकॉनमध्ये सामाईक, म्हणून 1:2 रेशो येतो, बस. पाठ करू नका, हिशोब करून बघा. बाँड तोडायला लागणारी ऊर्जा बघा, दर मोलला: कार्बन-ऑक्सिजनचे चार सिंगल बाँड धरले तर साधारण 358 गुणिले 4 म्हणजे 1432 किलोज्यूल, आणि सीओटूतले दोन डबल बाँड मिळून 1600 च्या आसपास, म्हणजे कार्बनला डबलच परवडतो. सिलिकॉन पडला मोठा, त्याचा पाय (π) बाँड, म्हणजे डबल बाँडमधला दुसरा बाँड, ऑक्सिजनसोबत कच्चा राहतो, पण सिंगल बाँड मात्र एकेक 452 चा, चार झाले की 1808, मग तो डबलच्या नादी कशाला लागेल?

हे समजलं की वितळताना काय तुटतं यात 'इंटरमॉलिक्युलर फोर्स' लिहून मार्क घालवणार नाही. ड्राय आइस, म्हणजे गोठलेला सीओटू, उणे 78 डिग्रीला उडतो कारण तिथे मॉलिक्यूल नुसती एकमेकांपासून सुटतात, सिलिकाला 1700 च्या वर न्यावं लागतं कारण कोव्हॅलंट बाँडच तोडायचे असतात. आपल्या जळगाव जिल्ह्यात बेसाल्टच्या खाणींत झिओलाइट नावाचं खनिज निघतं ना, तेही असंच जाळं, फक्त काही सिलिकॉनच्या जागी ॲल्युमिनियम.

सिलिकाला काहीच होत नाही हेही चूक. एचएफ (हायड्रोफ्लोरिक ॲसिड) तर खातंच, पण कॉस्टिक सोडाही. लॅबमध्ये त्याच्या बाटलीला घासलेल्या काचेचं झाकण लावलं की काही दिवसांत ते फिरतच नाही, कारण त्या खरबरीत काचेवर सोडियम सिलिकेट तयार होऊन चिकटतं. रबरी बूच लावा, आणि काचेची तोटी असलेल्या ब्युरेटमध्ये वापरलं असेल तर टायट्रेशन झाल्या झाल्या पाण्याने धुवा, उद्यावर टाकू नका.

शेवटची चूक सोलरवाली. तापवलं की सिलिकॉनचा रेझिस्टन्स कमी होतो हे बरोबर, म्हणून मे महिन्याच्या उन्हात सिलिकॉनचं सोलर पॅनेल जास्त वीज देईल हे मात्र चूक. तापल्यावर व्होल्टेज पडतं. रेटिंग 25 डिग्रीचं असतं, त्यापुढे दर डिग्रीला साधारण 0.4 टक्के पॉवर जाते, म्हणजे पॅनेल 65 ला गेलं की 16 टक्के कमी.