हायवेत जमीन गेली तर मोबदला बरोबर लागलाय का, हे स्वतः कसं काढायचं

गावात थ्री-एचं, म्हणजे महामार्गासाठी जमीन घेणार असं जाहीर करणारं, नोटिफिकेशन आलं की सगळे एकमेकांना एकच विचारतात, एकरी किती मिळणार? पण दर ठरवणारे कागद निवाड्याच्या, म्हणजे मोबदला ठरवणाऱ्या आदेशाच्या, आधीच तयार होतात आणि ते तुम्ही बघितले नाहीत तर तुमच्या वतीने दुसरं कोणी बघत नाही. मी इथे राष्ट्रीय महामार्गापुरतंच लिहितोय. संपादन 1956 च्या महामार्ग कायद्याने होतं, पण मोबदल्याचा हिशोब 1 जानेवारी 2015 पासून 2013 च्या भूसंपादन कायद्याप्रमाणे लावावा लागतो.

थ्री-ए राजपत्रात आलं की आधी आपला गट नंबर आणि क्षेत्र सातबाऱ्याशी ताडून बघा. हरकत घ्यायला 21 दिवसच असतात, ते लग्नसराईत नाहीतर सुगीत कधी निघून जातात कळत नाही.

आता दर. कायदा सांगतो की रेडीरेकनरचा दर (मुद्रांक शुल्कासाठी सरकारने ठरवलेला जमिनीचा भाव) आणि आजूबाजूच्या खरेदीखतांवरून निघणारा दर, यातला जो जास्त तो धरायचा. खरेदीखतं मागच्या तीन वर्षांतली, त्याच गावातली किंवा लगतच्या गावातली, आणि तशाच प्रकारच्या जमिनीची. सगळ्यांची सरासरी नाही काढायची, त्यातली वरच्या भावाची निम्मी घ्यायची आणि फक्त त्यांची सरासरी काढायची. खरी मेख इथेच आहे.

समजा सहा खतं सापडली, हेक्टरी 60, 54, 48, 40, 36 आणि 30 लाखाची. वरची तीन घेतली तर 54 लाख येतात, सहाच्या सहा घेतली तर साधारण 44 लाख 67 हजार. तुमचे 40 आर जात असतील तर नुसत्या जमिनीतच पावणेचार लाखांच्या आसपास फरक पडतो आणि पुढे दिलासा रक्कम (सक्तीने जमीन घेतल्याबद्दल मोबदल्याइतकीच वर मिळणारी रक्कम) धरली की तो साडेसात लाखांच्या जवळ जातो. म्हणून नोंदणी विभागाच्या साइटवर ई-सर्चला जाऊन गावाचे इंडेक्स टू (नोंदवलेल्या खतांचे गोषवारे) काढा, स्वतःची यादी करा आणि प्रांत किंवा जे भूसंपादन अधिकारी असतील त्यांच्याकडे निवाड्याआधी लेखी द्या, पोच घ्या. यादीत एनए प्लॉटचं गुंठ्यावारी खत घालून शेतजमिनीला तोच भाव मागू नका, ते टिकत नाही. तसंच "शेजारच्या गावाला मागच्या रस्त्यात इतके मिळाले" हेही चालत नाही, आधीच्या संपादनात दिलेला मोबदला धरायचा नाही असं कायद्यातच लिहिलंय.

पुढची आकडेमोड सरळ आहे. 54 लाखाने 40 आरचे 21 लाख 60 हजार. त्याला गुणांक लावायचा. ग्रामीण भागाला कायदा 1 ते 2 मधला गुणांक देतो आणि महाराष्ट्राने 2021 मध्ये राष्ट्रीय महामार्गांसाठी तो 2 वरून 1 वर आणला. शेतकऱ्याच्या तोंडचा घास काढला असंच माझं मत आहे, पण हिशोब करताना तुमच्या थ्री-एच्या तारखेला कुठला गुणांक लागू होता ते बघूनच करा. 1 धरला तर 21 लाख 60 हजारच. त्यात विहीर, पाइपलाइन, झाडं, गोठा वगैरेचे समजा 4 लाख मिळवले की 25 लाख 60 हजार. यावर 100 टक्के दिलासा रक्कम, म्हणजे 51 लाख 20 हजार. शिवाय जमिनीच्या बाजारभावावर वर्षाला 12 टक्के, थ्री-एपासून निवाडा किंवा ताबा जे आधी होईल तोपर्यंत. निवाड्यात हा आकडा वेगळा दाखवलाय का ते नक्की बघा.

सगळ्यात जास्त नुकसान मात्र संयुक्त मोजणीच्या दिवशी होतं. माणूस पुण्याला नोकरीला, शेतात म्हातारे आईवडील, मोजणीवाले येतात, अर्ध्या तासात पंचनामा होतो आणि बारा वर्षांची आंब्याची झाडं "इतर झाडे" म्हणून लिहिली जातात. त्या दिवशी घरातलं कोणीतरी जाणतं हजर पाहिजेच. झाडं जातवार आणि वयासकट मोजून घ्या, जमिनीखालची पाइपलाइन दाखवा, बोअर, ठिबक, बांध सगळं लिहायला लावा, तारीख दिसेल असे फोटो काढा आणि पंचनाम्याची कॉपी घेतल्याशिवाय सही करू नका. जमीन बागायत असून सातबाऱ्यावर जिरायत लागली असेल तर ई-पीक पाहणी आणि विहिरीची नोंद आधीच दुरुस्त करून घ्या, नंतर कोणी ऐकत नाही. रस्ता मधून गेल्याने शेताचे दोन तुकडे झाले, विहीर एका बाजूला आणि रान दुसऱ्या बाजूला राहिलं, तर त्या नुकसानीची भरपाई कायद्यात वेगळी आहे, पण ती मागावी लागते.

भाऊबंदकीचा वाद असेल तर वाटण्या आणि वारसनोंदी आधी मिटवा, नाहीतर रक्कम कोर्टात जमा होते आणि तिथेच अडकते.

निवाडा कमी वाटला तरी पैसे अडवून धरायची गरज नाही. "हक्क राखून स्वीकारत आहे" असं लेखी देऊन रक्कम उचला आणि केंद्राने नेमलेल्या लवादाकडे अर्ज करा, आपल्याकडे बहुतेक ठिकाणी जिल्हाधिकारी किंवा अपर आयुक्त लवाद असतात. तिथे इंडेक्स टूची यादी, पंचनामा, फोटो आणि वरच्यासारखा एका पानाचा हिशोब जोडा. लवादाचा निकालही पटला नाही तर जिल्हा न्यायालयात जायला तीन महिने मिळतात, त्यानंतर सबळ कारण असेल तरच आणखी 30 दिवस, आणि तिथे न्यायालय दर नव्याने काढायला बसत नाही, त्यामुळे सगळे पुरावे लवादापुढेच दाखल झालेले पाहिजेत.