शिल्पातली वेदना आणि बंड बघायचं कसं

पहिली गोष्ट, चेहऱ्याकडं शेवटी बघायचं. आपण सगळे मूर्ती दिसली की आधी तोंड बघतो, डोळे विस्फारलेत, ओठ उघडलेत, म्हणजे दुखतंय, झालं, चला पुढं. पण दुखणं आणि न झुकणं दोन्ही अंगात कोरलेलं असतं, म्हणून आधी जोर कुठनं कुठं चाललाय ते शोधा.

प्रॅक्टिसला व्हॅटिकनमधल्या लाओकून या शिल्पाचा फोटो मोबाईलवर मोठा करून घ्या. लाओकून म्हणजे जुन्या ग्रीक कथेतला ट्रॉय शहराचा पुजारी, शत्रूनं फसवायला ठेवलेला लाकडी घोडा शहरात घेऊ नका म्हणाला, घोड्यावर भालासुद्धा फेकला, मग समुद्रातनं दोन साप आले आणि त्याला नि त्याच्या दोन्ही पोरांना विळखा घातला. पोट बघा, आत ओढलंय, छाती फुगलीय, श्वास तिथंच अडकलाय. साप डाव्या कमरेला चावतोय आणि अख्खं शरीर त्या जागेपासनं लांब पळतंय, ही वेदना. पण डाव्या हातानं सापाला धरलंय ते सोडलेलं नाही, हे बंड.

उजव्या हाताचं तर विशेषच आहे. १५०६ साली रोममध्ये शिल्प सापडलं तेव्हा तो हात नव्हता, मग वर ताणलेला हात बसवला गेला आणि शेकडो वर्षं लोकांना तो झुंजार वीर दिसत राहिला. खरा हात १९०६ मध्ये मिळाला, तो कोपरात वाकून डोक्यामागं गेलेला! जुना नि आताचा फोटो शेजारी ठेवून बघाच, एका कोपरानं माणूस बदलतो. स्वतः आरशासमोर दोन्ही पोझ घेऊन बघा, खांद्याला लगेच कळतं.

मग नवरात्रात आपल्या सोलापुरातल्या मंडळांच्या देवी बघताना थोडा वेळ महिषासुराला द्या. देवीची नजर, त्रिशूळ सगळं सुंदर असतंच, पण खाली पडलेल्याची मूठ तलवारीवर घट्ट आहे का सैल पडलीय? मूर्तिकारानं त्याला हरलेला केलाय का अजून लढणारा, ते तिथं कळतं.

आणि जमेल तेव्हा वेरूळ कराच. कैलास लेण्याच्या दक्षिण बाजूला खाली रावण डोंगर हलवतोय, वर पार्वती घाबरून शंकराला बिलगलीय, दासी पळतेय, आणि शंकर निवांत, नुसत्या पायानं डोंगर दाबतोय. रावण चेंगरतोय तरी एवढे सगळे हात अजून डोंगराला लावलेलेच, मला तरी वेदना आणि मस्ती इतकी एकाच अंगात दुसरीकडं कुठं दिसली नाही. तिथं घाई करू नका, डोळे अंधाराला सरावू द्या. फक्त मंगळवारी जाऊ नका, लेणी बंद असतात.